आठव्या माईकवरचा आवाज

बाईंना धक्का बसला तो बुधवारी, शाळा सुटल्यावर, कॉम्प्युटरच्या खोलीत. नशीब, तेव्हा त्या खुर्चीवर बसलेल्या होत्या.

शाळेत त्यांना सगळे ‘नाटकवाल्या बाई’ म्हणत. एकवीस वर्षं त्या दर वर्षी नववीच्या मुलांकडून गाण्यांचं नाटक बसवून घेत होत्या. ‘बसवून घेत’ हा शब्द अगदी खरा आहे, कारण नववीची मुलं आपण होऊन कशातच उतरत नाहीत. त्यांना ओढून, दटावून, कधी गोड बोलून, कधी घरी चिठ्ठी पाठवायची धमकी देऊन स्टेजवर आणावं लागतं. तालमीला कुणाचा गुडघा दुखतो, कुणाच्या आत्याचं नेमकं त्याच दिवशी ऑपरेशन असतं. एका मुलाच्या आत्याची एका सत्रात तीन ऑपरेशनं झाली, तेव्हा बाईंनी त्याला भर वर्गात विचारलं होतं, “अरे, इतके टाके? आत्या आहे की गोधडी?”

एवढं करून कार्यक्रमाच्या दिवशी मात्र नाटक दणक्यात व्हायचं. गाणी तर अशी भरून यायची की पालक उभे राहून टाळ्या वाजवायचे. तालमीत सुतकी चेहऱ्यानं पुटपुटणारी मुलं आयत्या वेळी कशी काय गातात, याचं बाईंना दर वर्षी नवल वाटायचं. ‘स्टेजची जादू’ असं त्या म्हणायच्या, आणि मनापासून म्हणायच्या.

यंदाचं नाटक त्यांनी स्वतःच लिहिलं होतं. एक नावाडी असतो, नदीवर पूल होतो, आणि त्याला हाक मारणारं कुणी उरत नाही, अशी गोष्ट. एकूण सहा गाणी. कार्यक्रमाला दहा दिवस उरले होते.

प्रयोगशाळेच्या मॅडम शाळेत नव्या होत्या. परीक्षानळ्या धुण्यापासून बिघडलेला पंखा उघडून बघण्यापर्यंत सगळं त्यांच्याकडे असे. जुना साउंडवाला गाव सोडून गेला, म्हणून मुख्याध्यापकांनी यंदा माईकचं कामही त्यांच्याच गळ्यात मारलं होतं. मॅडम कामाला चोख. जुना साउंडवाला सगळे आवाज एकाच भांड्यात ओतायचा. मॅडमनी आठ माईक लावले आणि आठही आवाज वेगवेगळे रेकॉर्ड होतील अशी सोय केली. पाच माईक मुख्य पात्रांच्या कॉलरला, दोन कोरसच्या डोक्यावर, आणि आठवा डाव्या विंगेत, बाईंना सूचना देता याव्यात म्हणून.

“बाई, माझ्याकडून काहीतरी घोळ झालाय,” मॅडम हेडफोन पुढे करत म्हणाल्या. “शनिवारच्या रंगीत तालमीचं रेकॉर्डिंग आहे हे. सगळं एकत्र लावलं की गाणं मस्त वाजतं. वेगवेगळं लावलं की सात माईक मुके! वायरी तपासल्या, बॅटऱ्या बदलल्या. माझी तर मतीच गुंग झालीय.”

“मुके म्हणजे?”

“ऐकाच तुम्ही. आवाज पार वर चढवलाय मी.”

बाईंनी हेडफोन लावले. आधी नुसती खरखर. मग बुटांचा आवाज, कुणाचं तरी नाक ओढणं. पाठीमागे, लांबून आल्यासारखं, नावाड्याचं गाणं. आणि मग कानाच्या अगदी आत, कुजबुज:

“तोंड हलव, तोंड हलव. बाई बघतायत.”

“हलवतोय की. तू हसू नकोस फक्त.”

“किती राहिलंय?”

“अजून एक कडवं. जांभई द्यायची तर आत्ता दे, मोठा ‘आ’ येतोय.”

आणि खरोखरच त्या मोठ्या ‘आ’वर कुणीतरी पोट भरून जांभई दिली.

मॅडमनी दुसरा माईक लावला, तिसरा लावला. एकात दोन मुली वहीच्या मागच्या पानावर चाललेल्या खेळाचा हिशेब मिटवत होत्या. एकात नावाडी स्वतः, म्हणजे सगळे ज्याला लंबू म्हणत तो पावणेसहा फुटी मुलगा, अख्खं गाणंभर फक्त श्वास घेत होता. गाण्याचा एक शब्द नाही. सात माईकांवर तीस मुलं, आणि एकाच्याही घशातून सूर नाही.

“म्हणजे माईक चालू आहेत!” मॅडम आनंदानं म्हणाल्या. त्यांच्या डोक्यावरचं ओझं उतरलं होतं. मग त्या थांबल्या. “पण मग गातंय कोण?”

त्यांनी आठव्या माईकचं बटण दाबलं.

खोली भरून गेली. स्वच्छ, मोकळा, वरच्या पट्टीत सहज चढणारा आवाज. नावाड्याची सगळी कडवी, कोरसच्या सगळ्या ओळी, मध्येच मुलांसाठी दिलेलं ‘एक, दोन, आता’.

“अगंबाई, काय आवाज आहे हो!” मॅडम खुर्चीवरून पुढे सरकल्या. मिक्सर घेऊन त्या हॉलच्या मागच्या टोकाला बसत, तिथून विंग दिसायची नाही. “ही कुठल्या वर्गातली मुलगी?”

बाई म्हणाल्या, “जुनी विद्यार्थिनी आहे.” हेडफोन टेबलावर ठेवून त्या उठल्या आणि पर्स तिथेच विसरून घरी गेल्या.

*

शाळेत येण्याआधी बाई नऊ वर्षं एका नाटक कंपनीत प्रॉम्प्टर होत्या. गेल्या होत्या गायला. अठराव्या वर्षी, आवाजाच्या भरवशावर. मालकानं गाणं ऐकलं, मान डोलावली आणि म्हणाला, “आवाज आहे. पण चेहऱ्याला उजेड नाही. पाठांतर कसंय?” पाठांतर लोखंडी होतं. त्याच दिवशी त्यांच्या हातात संहिता आली आणि विंगेतलं एक स्टूल. नऊ वर्षांत तिथून त्यांनी साडेसहाशे प्रयोग पाहिले, सगळे बाजूनं. नटांचे अर्धेच चेहरे त्यांना पाठ होते. कुणी अडखळलं की बाईंचे ओठ त्याच्या आधी हललेले असत. एकही ओळ त्यांच्या हातून कधी पडली नाही.

शाळेतही त्या विंगेतच उभ्या राहिल्या, सवयीनं. चौदा वर्षांपूर्वी एका मुलीचा घसा ऐन वेळी बसला. बाईंनी सूचना द्यायचा माईक तोंडाशी धरला आणि तिचं गाणं गाऊन टाकलं. मुलीनं ओठ हलवले, कुणाला पत्ता लागला नाही, टाळ्या थांबेनात. पुढच्या वर्षी ‘लागला तर असावा’ म्हणून माईक ठेवला. त्याच्या पुढच्या वर्षी ‘मुलांना आधार’ म्हणून जरा गायल्या. आधार कधी अख्खं घर होऊन बसला, ते त्यांना कळलंच नाही. आपण हळू आवाजात साथ देतो आणि मुलं गातात, अशीच त्यांची पक्की समजूत होती.

घरी यजमान भाजी चिरत होते. ते लिफ्ट दुरुस्त करायचे. दिवसभर अडकलेल्या माणसांना ‘घाबरू नका’ म्हणून म्हणून त्यांचा स्वभावच तसा होऊन गेला होता.

बाईंनी चपलाही न काढता सगळं सांगितलं. तीस मुलं, एकही सूर नाही, जांभईसुद्धा सांगितली.

“मग?” यजमान म्हणाले.

“मग काय! मी एकटी गात होते. सगळं मीच!”

“ते तर आहेच.”

“आहेच म्हणजे?”

सुरी थांबली. “अगं, मला वाटलं तुला माहीत आहे. गाणारी तूच ना?”

बाईंनी आता चपला काढल्या, एक इकडे, एक तिकडे.

“इतकी वर्षं तू आणलेल्या पासवर मी शेवटच्या रांगेत येऊन बसतो,” यजमान म्हणाले. “ते काय त्या पोरांची लाकडी तोंडं बघायला? तुझं गाणं ऐकायला येतो मी. सगळेच येतात. मागच्या वर्षी माझ्या शेजारचे गृहस्थ म्हणाले, यंदा बाईंचा आवाज जास्तच लागलाय.”

“सगळ्यांना माहीत होतं?”

“घाबरू नकोस,” यजमान सवयीनं म्हणाले, आणि आपण चुकीचं बटण दाबलं हे त्यांच्या लक्षात आलं.

बाई पलंगावर जाऊन बसल्या. पहिला धक्का मुलांचा होता, तो रागावून पेलता आला असता. या दुसऱ्या धक्क्याचं काय करायचं, ते त्यांना कळेना. अख्ख्या हॉलला दिसत होतं. फक्त विंगेतून दिसत नव्हतं.

*

दुसऱ्या दिवशी तालमीला त्यांनी माईक हातात घेतला नाही. मॅडम त्यांची पर्स घेऊन हॉलमध्ये आल्या होत्या आणि कोपऱ्यात की-बोर्डची वायर जोडत होत्या.

“लंबू, पुढे ये. नावाड्याचं गाणं. एकट्यानं.”

लंबूच्या तोंडचं पाणी पळालं. “बाई, एकट्यानं म्हणजे… तुम्ही?”

“मी ऐकणार.”

कोरसमध्ये खसखस पिकली. लंबूनं सुरुवात केली: ‘पलीकडे कोण आहे, हाक द्या हो हाक द्या.’ ‘पलीकडे’पर्यंत ठीक होतं. ‘हाक’वर सूर वर चढायचा होता, तिथे त्याच्या आवाजाचे दोन तुकडे झाले. एक वर गेला, दुसरा खाली पडला. पोरं हसून लोळली.

“नाव बुडाली!” मागून कुणीतरी ओरडलं.

“गप्प बसा!” बाई कडाडल्या. “शनिवारचं मी सगळं ऐकलंय. सगळ्यांचं. कुणाची जांभई कितव्या कडव्यात, तेसुद्धा माहीत आहे मला.”

कोरसमधल्या एकानं हातानं तोंड झाकलं.

“इतके महिने मी घसा फोडतेय, आणि तुम्ही तोंडं हलवताय? लाज नाही वाटली?”

शेवटी ‘रेडिओ’ उठली. तिला रेडिओ म्हणत, कारण तिचं तोंड कधी बंद नसे. म्हणूनच बाईंनी तिला कोरसच्या शेवटच्या रांगेत ठेवलं होतं. ती म्हणाली, “बाई, खरं सांगू? रागावणार नाही ना?”

“रागावलेलीच आहे. बोल.”

“आम्हाला वाटलं, असंच करायचं असतं. माझ्या ताईच्या वेळी तिनंही तोंडच हलवलं होतं. ती म्हणाली, काही करायचं नसतं गं, बाई गातात, आपण उभं राहायचं.”

“ताई? कुठल्या वर्षी?”

“सहा वर्षांपूर्वी, बाई. ती राजकन्या होती.”

ती राजकन्या बाईंना चांगली आठवत होती. काय गायली होती पोरगी, असं त्या सहा वर्षं सांगत आल्या होत्या.

“आणि बाई,” लंबू खाली बघत म्हणाला, “मी पहिल्या आठवड्यात गात होतो. खरंच. पण ते फार वर आहे. मला नाही पोचत. तुम्ही म्हणालात, प्रयत्न कर. केला. मग घसा दुखायला लागला. तुम्ही गाताच आहात म्हटल्यावर…”

“वर आहे? चाल तर सोपी आहे.”

“तुम्हाला सोपी आहे, बाई.”

कोपऱ्यातून मॅडमचा आवाज आला. “बाई, ही गाणी कुणाच्या आवाजाला बेतून बसवलीत?”

एकवीस वर्षांत जवळपास सव्वाशे गाणी. दर वेळी बाई की-बोर्डपुढे बसत, आपल्या गळ्याला बरी वाटेल ती पट्टी धरत आणि तिथून चाल बांधत. समोर चौदा वर्षांची, आवाज फुटलेली पोरं उभी आहेत, ही गोष्ट त्यांच्या डोक्यात एकदाही आली नव्हती. एकदाही. हिशेबाची चूक नव्हती ही, हिशेब केलाच नव्हता.

मॅडमनी की-बोर्डचं एक छोटं बटण पाच वेळा खाली दाबलं. “चाल तीच राहते, फक्त सगळं गाणं खाली उतरतं. लंबू, आता गा बघू.”

लंबू गायला. रिकाम्या पिंपात कुणी बोलावं तसा आवाज निघाला. गोड नव्हता, पण जाडजूड होता, आणि ‘हाक’वर तुटला नाही. तो स्वतःच इतका दचकला की पुढची ओळ गायचीच विसरला.

“अरे, हा तर बोलतो त्याच्यापेक्षा बरा गातो!” रेडिओ म्हणाली.

बाईंना आनंद झाला म्हणावं, तर तसं नव्हतं. इतक्या वर्षांची मुलं त्यांच्या डोळ्यांपुढून तोंडं हलवत चालली होती.

*

त्यानंतरचे दिवस सोपे गेले असं कुणी समजू नये. खालच्या पट्टीत गाणी बाईंना स्वतःला गाता येईनात. त्यांचा सूर तळाशी घासायचा. मुलंही लगेच सुतासारखी सरळ झाली नाहीत. दोघांच्या आत्या पुन्हा आजारी पडल्या. आवाज बेसूर होते, ते आता ऐकू यायला लागले. आधी निदान झाकलेले तरी होते. तीन दिवसांनी बाईंनी मुख्याध्यापकांसमोर सांगून टाकलं, “आठवा माईक राहू दे. नाहीतर शोभा होईल.”

संध्याकाळी त्या रिकाम्या हॉलमध्ये विंगेत जाऊन उभ्या राहिल्या. माईक हातात घेतला. बंदच होता तो. तिथल्या भिंतीवर, खांद्याच्या उंचीला, एक तेलकट डाग होता. टेकून टेकून तो त्यांचाच पडलेला होता. हा माईक गेला तर या इमारतीत आपण फक्त रजेचे अर्ज तपासणाऱ्या बाई उरू, असं त्यांना वाटलं. हे कुणाला सांगण्यासारखं नव्हतं. यजमानांनासुद्धा नाही.

“जुनी विद्यार्थिनी म्हणजे तुम्हीच ना?” मागे मॅडम उभ्या होत्या, हातात वायरचं वेटोळं.

“कधी कळलं?”

“तुम्ही पर्स विसरलात तेव्हा. माणूस उगाच पर्स विसरत नाही.” मॅडमनी वेटोळं खांद्यावर टाकलं. “मी आठवा माईक लावीन, बाई. तुम्ही सांगाल तसं. पण एक सांगते. नुसत्या विंगेत उभ्या राहिलात तरी पोरं गायची थांबतात. लंबू उजवीकडच्या मुलीशी बोलतो आणि बघतो डावीकडे, तुमच्या ओठांकडे. मागून फार विचित्र दिसतं ते.”

कार्यक्रमाच्या दिवशी दुपारी बाईंनी नाटकाची वही विंगेतल्या स्टुलावर ठेवली, स्वतः आठव्या माईकची वायर काढली, नीट गुंडाळली आणि मॅडमच्या हातात दिली. लंबूचा चेहरा पडला.

“बाई, आणि मी विसरलो तर?”

“तर विसर,” बाई म्हणाल्या. आपण हे काय बोलून बसलो, याचा धसका त्यांनाच आधी बसला.

*

शेवटच्या रांगेत, यजमानांच्या शेजारी, एकवीस वर्षांत पहिल्यांदा त्या स्टेजच्या समोर बसल्या. पडदा उघडला आणि त्या हबकल्याच. मुलांना दोन-दोन डोळे होते. पूर्ण चेहरे होते. नेपथ्यातली नाव समोरून अगदी खरी वाटत होती. विंगेतून त्यांना तिचे खिळेच दिसायचे.

“तोंड बंद ठेव,” यजमान हळूच म्हणाले. “हलतंय.”

बाईंनी हात तोंडावर धरला.

पहिलं गाणं कसंबसं पार पडलं. दुसऱ्याला कोरस अर्धा सूर खाली घसरला, पण सगळे मिळून घसरले, त्यामुळे ऐकायला बरं वाटलं. पुढच्या रांगेतल्या एक आजीबाई शेजारणीला म्हणाल्या, “यंदा बाई गात नाहीत वाटतं. बरं नाही का त्यांना?”

बाई खुर्चीत खाली सरकल्या.

मग नावाड्याचं गाणं आलं. पूल बांधून झालाय, नदीकाठी कुणी नाही, लंबू एकटा नावेत उभा. ‘पलीकडे कोण आहे’, जाड, मोकळा आवाज हॉलच्या मागच्या भिंतीपर्यंत आला. ध्रुवपद झालं. पहिलं कडवं झालं. दुसऱ्या कडव्याची पहिली ओळ झाली आणि लंबू थांबला.

की-बोर्ड वाजवणारा मुलगा एक फेरी पुढे गेला, आणि तोही थांबला.

लंबूनं डावीकडे पाहिलं. विंगेतल्या स्टुलाजवळ बाई नव्हत्या. त्यानं पुन्हा पाहिलं. हॉलमध्ये कुणीतरी खोकलं.

बाई अर्ध्या उठल्या होत्या. हात खाली आला, ओठ उघडले. हे काम त्यांचं होतं, तीस वर्षांचं. शेवटच्या रांगेतून का होईना, ओळ फेकायची. त्यांनी श्वास घेतला.

ओळ नव्हती.

त्यांनी स्वतः लिहिलेली ओळ, स्वतः चाल लावलेली ओळ. आत हात घालावा आणि कपाट रिकामं लागावं तसं झालं. साडेसहाशे प्रयोगांत जे झालं नाही ते आज झालं. त्या इतका वेळ नुसतं ऐकत बसल्या होत्या, आणि लंबूच्या बरोबर त्याही तिथेच येऊन थांबल्या होत्या.

स्टेजवर लंबूनं हातातलं वल्हं पालथं करून बघितलं. मग नावाड्याच्या त्या जाड आवाजात, अगदी शांतपणे, तो म्हणाला, “ओळ पाण्यात पडली, मंडळी.”

हॉल फुटला. लोक हसता हसता टाळ्या वाजवायला लागले. आणि त्या गोंगाटात कोरसच्या शेवटच्या रांगेतून, कुणी न सांगता, रेडिओचा आवाज आला, ‘हाक द्या हो हाक द्या!’ गाण्यात ते तिथे नव्हतंच. दुसऱ्या बाजूनं कुणीतरी उत्तर दिलं. मग तिसऱ्यानं. तीस पोरं रिकाम्या नदीकाठी त्याला हाका मारत होती, आणि लंबू एकेकाकडे वळून बघत ध्रुवपद पुन्हा गात होता. बाईंच्या नाटकात त्या नावाड्याला शेवटपर्यंत कुणीच हाक मारत नव्हतं.

बाई उभ्याच होत्या. खाली बसायचं त्यांना सुचलं नाही. मागे कुणी नव्हतं म्हणून बरं.

“काय होती गं ती ओळ?” यजमानांनी कानाशी विचारलं.

बाईंनी मान हलवली.

“तुला आठवत नाही?” आता हबकायची पाळी त्यांची होती. “तुला?”

पडदा पडल्यावर मेकअपच्या खोलीत नुसता कल्ला चालला होता. बाई दारात आल्या. लंबूनं डोक्यावरची नावाड्याची टोपी काढली. “बाई, सॉरी. माझी ओळ पडली. काय होती हो ती? मघापासून सगळे डोकं खाजवतोय, कुणालाच येत नाहीये.”

तीस चेहरे बाईंच्या ओठांकडे बघत होते.

“थांब,” बाई म्हणाल्या. “मलाही वहीत बघावं लागेल.”

“बाई, तुम्हाला?” रेडिओ ओरडली.

त्यांनी पर्समध्ये हात घातला. वही नव्हती. ती विंगेतल्या स्टुलावर राहिली होती.